हातात राहिलेला चेंडू

साहेब, तुम्ही माइकवर खोटं बोललात.

दूध संघाचा सोहळा होता. तुमच्या गळ्यात हार होता, खांद्यावर शाल होती. तुम्ही हसत हसत म्हणालात, "पोरींची सॉफ्टबॉलची टीम पगारावर ठेवणारे वऱ्हाडात आम्ही पहिले. अकोल्याची फायनल तर खिशात होती. पण ऐन वेळी आमची पिचर भ्याली हो. चेंडू हातात घेऊन पुतळ्यासारखी उभी राहिली." लोक हसले. मी शेवटच्या रांगेत बसले होते. माझ्याकडे बघून कोणी हसलं नाही, कारण तिथं आता मला कोणी ओळखत नाही.

मी भ्याले होते, हे खरं आहे. तेवढी मी आयुष्यात पुन्हा कधी भ्याले नाही. पण कशाला भ्याले, ते तुम्ही सांगितलं नाही. ते मी सांगते.

अकोल्याच्या त्या मैदानाच्या कडेला संघाची जीप उभी होती. खेळ शेवटच्या डावावर आला होता. आम्ही एका धावेने पुढे होतो. आता नागपूरच्या पोरी बॅटिंगला येणार होत्या, त्यांना रोखलं की संपलं. माझा उजवा कोपर सकाळपासून ठणकत होता. दुपारपर्यंत तो एवढा सुजला की बाही वर जाईना. तुम्ही मला जीपच्या आडोशाला बोलावलंत. तिथं एक माणूस उभा होता. धुळीने भरलेले बूट, हातात चामड्याची जुनी बॅग.

"हे डॉक्टर आहेत," तुम्ही म्हणालात. "एक सुई देतील. दुखणं बंद."

"साहेब, थोडा बर्फ लावला तरी चालेल."

"बर्फाला आता वेळ आहे का? शामियान्यात केवढी मोठी माणसं बसलीत बघितलंस ना? त्यांच्यासमोर हरायचं?"

त्या माणसाने बॅग उघडली. आत सुई होती. एवढी जाड सुई मी दवाखान्यात कधी पाहिली नव्हती.

"डॉक्टरसाहेब, कशाची सुई आहे?" मी विचारलं.

त्याने माझ्याकडे बघितलंच नाही. तो तुम्हाला म्हणाला, "धरा हिला. हलली तर माझी जबाबदारी नाही."

आणि तुम्ही धरलंत. दंड आणि मनगट. माझ्या कानाशी तुम्ही हळू म्हणालात, "पंचफुला, आज जिंकली की तू कायम. माझा शब्द. आणि नाही जिंकली, तर परत ज्वारी राखायला जायचंय, एवढं ध्यानात ठेव."

कोपराच्या आतल्या बाजूला, जिथं टेबलाचा कोपरा लागला की करंगळीपर्यंत झिणझिण्या जातात, तिथं त्याने सुई घातली. माझ्या बोटांतून वीज गेल्यासारखं झालं. मी ओरडले. तुम्ही माझ्या तोंडावर हात ठेवलात. मग सगळं थांबलं. ठणका गेला. आणि ठणक्याच्या मागोमाग बाकीचंही एकेक जायला लागलं.

ज्वारी राखायचं तुम्ही टोमण्याने बोललात, पण मी पिचर झाले ती तिथंच. आमच्या पिंपळखुट्याला ज्वारी हुरड्यावर आली की मी पहाटेपासून माळ्यावर उभी असायची. हातात गोफण. गोफणीला दोन दोऱ्या असतात. एक बोटात अडकवलेली, दुसरी नुसती चिमटीत धरलेली. मधल्या झोळीत गोटा ठेवायचा, गरगर फिरवायचं आणि बरोबर वेळेला चिमटीतली दोरी सोडायची. पाखरांचा थवा उठतो. आमच्या शाळेच्या पीटीच्या मास्तरांनी मला एकदा गोफण फिरवताना बघितलं आणि दुसऱ्या दिवशी माझ्या हातात चेंडू दिला. सॉफ्टबॉल ही बेसबॉलची धाकटी बहीण. यात पिचर चेंडू खालून टाकते. हात खांद्यातून पूर्ण गोल फिरवायचा आणि मांडीपाशी आला की सोडायचा. मला शिकवावंच लागलं नाही. तालुका झाला, जिल्हा झाला, मग तुमची जीप आमच्या दारात आली. गावातल्या बायका माझ्या आईला विचारायच्या, "चेंडू फेकाचा पगार देते म्हणते? खरं काय वं?" बाबा तर ज्याला त्याला थांबवून सांगायचे की पोरगी संघात लागली, आता कायम होईल. कायम हा शब्द ते असा उच्चारायचे जसा काही तो देवाचं नाव आहे.

नावात सॉफ्ट आहे म्हणून लोकांना वाटतं चेंडू मऊ असेल. तो नारळासारखा टणक असतो. आणि त्या काळी आमच्याकडे बॅटिंग करणाऱ्या पोरींच्या डोक्यावर टोपही नसायचा. दोन वेण्या आणि लाल रिबिनी, बस.

मी पिचरच्या जागेवर जाऊन उभी राहिले. समोर कॅचर मंदा ढोके बसली. मंदा आमच्याच टीममधली, मूर्तिजापूरकडची. ती नखांना चुना लावायची, म्हणजे तिने मांडीच्या आड बोटांनी केलेली खूण मला लांबून दिसावी. तिने एक पांढरं बोट दाखवलं. सरळ चेंडू. मी हात फिरवला आणि सोडला.

सोडला असं मला वाटलं. चेंडू कधी गेला ते मला कळलंच नाही. तो मंदाच्या डोक्यावरून मागच्या जाळीला जाऊन आदळला.

मंदा उठून धावत आली. "काय झालं वं?"

"मंदे, मले बोटं समजून नाई राह्यले."

"म्हन्जे?"

"हाताले बोटंच नाईत असं वाटते."

तिने माझा हात हातात घेतला. "थंडा पडला ना हा. काय केलं तुले जीपीमागं?"

"सुई देल्ली."

"कायची?"

"मले काय मालूम?"

अंपायरने शिट्टी मारली. मंदा मागे वळून वळून बघत जागेवर गेली.

त्यानंतरचं मी कसं सांगू? मी चेंडू टाकत होते आणि प्रत्येक चेंडूला डोळे मिटावेसे वाटत होते. एक जमिनीत गेला. एक इतका बाहेर गेला की तिसऱ्या बेसवरची आमची पोरगी ओरडून बाजूला झाली. एक नागपूरच्या पोरीच्या बरगडीजवळून गेला आणि ती मागच्या मागे बसली. चुकीचे चेंडू पडले की बॅटिंग करणारीला फुकट पहिला बेस मिळतो, पुढच्या सरकतात. अशा माझ्याच चुकांनी बेस भरत गेले. मधे दोघी उतावळ्या होऊन नको त्या चेंडूवर बॅट फिरवत बाद झाल्या, ते माझं नशीब. पण एक धाव गेली आणि बरोबरी झाली. तिन्ही बेसवर नागपूरच्या पोरी. आता एक जरी घरी, म्हणजे सुरुवातीच्या बेसवर परत आली तर आम्ही हरलो, आणि एक बाद केली तर अजून जीव होता.

मला हरायची भीती वाटत होती. गावात बाबांना कसं तोंड दाखवू, ही भीती वाटत होती. पण त्या सगळ्यांच्या खाली एक वेगळीच भीती हलत होती. तिला मी ओळखत होते. लहानपणापासून ती आमच्या घरातच राहायची.

बॅट घेऊन सुचेता मोहरील आली. नागपूरची सगळ्यात चांगली बॅटर. उंच, गोरी, कॉलेजात शिकणारी. मॅचच्या आधी ती माझ्याशी मुद्दाम बोलायला आली होती. "तुम्हीच ना गोफणवाल्या पिचर? आज जरा हळू टाका हो, माझं लग्न ठरलंय," असं म्हणून हसली होती. आम्ही दोघीही हसलो होतो.

मी हात फिरवला. चेंडू सुटला आणि सरळ तिच्या तोंडावर गेला.

ती खाली पडली. पडताना तिची बॅट वर राहिली आणि चेंडू बॅटीच्या मुठीला लागून बाहेर उडाला. खाडकन आवाज आला. मला वाटलं कवटी फुटली. मी जागेवरच खाली बसले. मग सुचेता उठली. कपाळाला माती लागली होती, वेणीतली रिबीन सुटून लोंबत होती. तिने माझ्याकडे बघितलं. त्या बघण्यात राग नव्हता. तिलाही समजत नव्हतं की मी असं का करते आहे.

मी अंपायरकडे वेळ मागितला आणि पळत तुमच्याकडे आले. आठवतं साहेब? शामियान्याच्या दोरीपाशी तुम्ही उभे होतात.

"साहेब, मले काढा. हात काम करत नाही. बोटं बधिर झाली."

"दुखतंय का?"

"दुखत नाही, पण काहीच कळत नाही. चेंडू कुठं जाईल सांगता येत नाही. ती पोरगी मरेल साहेब."

"खेळ आहे. लागतं कधी कधी."

"डोक्यात लागला असता."

"लागला का? नाही ना लागला?" तुम्ही शामियान्याकडे बघून एकदा हसलात आणि मग दात आवळून माझ्याकडे वळलात. "दुसरी पिचर कुठून आणू? तुझ्यावर संघाने एवढा खर्च केला तो काय मधेच बसायला? जा. टाक. आणि जरा तिच्या जवळून टाक, आता ती घाबरलीय."

तुमच्याकडे दुसरी पिचर नव्हती, हे खरं होतं. संघाने एकीचाच हात विकत घेतला होता.

मी परत गेले. चालताना मी उजवा हात डाव्या हाताने धरला होता, जसं कोणाचं तरी लेकरू धरून न्यावं तसं. तो माझ्या खांद्याला टांगलेला होता, पण माझा नव्हता. 

आमच्या घरी ओसरीवर एक माणूस बसलेला असायचा. कडू काका. बाबांचे धाकटे भाऊ. त्यांचा एक डोळा आणि गालाचं हाड आत गेलेलं होतं. ते बोलायचे ते फक्त आईला समजायचं. बाबा रोज आधी त्यांना भरवायचे आणि मग स्वतः जेवायचे. मी पहिल्यांदा गोफण उचलली तेव्हा बाबांनी मला ओसरीवर कडू काकांसमोर बसवलं आणि सांगितलं, "पंचे, याच्याकडं पाह्य. हिवाचे दिवस व्हते. माह्ये बोटं गारठले व्हते. दोरी केव्हा सुटली मले समजलंच नाई. गोटा पाखरावर नाई गेला, याच्यावर गेला." मग माझी चिमूट धरून म्हणाले, "दोरीचं टोक बोटाले समजलं पाह्यजे. नाई समजलं त गोटा सोडाचा नाई. गोफण खाली टाकाची अन् नुसते हाकारे द्याचे. पाखरं खातील त खाऊ दे. खळं अर्धं झालं तरी चालन."

थंडीच्या पहाटे कितीदा मी तसं केलं होतं. बोटं गारठली की गोफण पायाशी टाकायची आणि घसा बसेपर्यंत ओरडायचं. पाखरं ओरडण्याला भीत नाहीत. डोळ्यांसमोर कणसं रिकामी करतात. तरी गोटा सोडायचा नाही.

मंदाने पांढरं बोट दाखवलं.

सुचेता उभी राहिली. ती मागे सरकली नाही. मागून तुमचा आवाज आला, "टाक!"

मी हात फिरवला. तो वर गेला, डोक्यावरून मागे गेला, खाली यायला लागला. सोडायची वेळ आली आणि मी बोटांना विचारलं. खरंच विचारलं मनात, की आहे का चेंडू. उत्तर आलं नाही.

मी जेवढा जीव होता तेवढा लावून मनगट मांडीवर आपटलं आणि बोटं पोटाशी दाबून धरली. हात थांबला. चेंडू आत आहे की गेला, तेही मला कळेना. कळण्यासाठी मान खाली घालून बघावं लागलं. होता. माझ्या मुठीत होता.

मी तो खाली मातीत ठेवला आणि ओरडले. नुसतीच ओरडले, माळ्यावर ओरडायचे तशी. पाखरांना हाकलायचा हाकारा. मैदानातल्या लोकांना वाटलं पोरीला वेड लागलं.

फिरवलेला हात चेंडू न सोडता थांबवला तर तो पिचरचा गुन्हा धरतात. बेसवरच्या पोरींना एकेक बेस पुढे मिळतो. अंपायरने हात वर केला. तिसऱ्या बेसवरची पोरगी इकडे तिकडे बघत, पळावं की चालावं हे न कळल्यासारखी, चालत चालत घरी आली. आम्ही हरलो.

कोणीतरी शामियान्यातून ओरडलं, "भित्री!" मग पुष्कळ जण ओरडले. तुम्ही माझ्याजवळून गेलात तेव्हा फक्त एवढंच म्हणालात, "उद्यापासून येऊ नकोस."

मी पाण्याच्या टाकीमागे जाऊन बसले. माझा हात मांडीवर पडला होता, मेलेल्या सशासारखा. मी त्याला चापट मारत होते, चावत होते. आता खरी भीती सुरू झाली होती. हा परत येईल का? नाही आला तर मी काय करू? निंदण, वेचणी, भाकरी, सगळं याच हाताने. माझं बाकी काहीच नव्हतं.

पावलं वाजली. सुचेता होती.

"का नाही टाकला?" ती म्हणाली. "मी पुढचा सोडणार नव्हते. मारणारच होते."

"हात माझा नाही ताई."

"म्हणजे काय?"

मी हात पुढे केला. तिने बोटं दाबली, वाकवली. माझ्या तोंडाकडे बघत राहिली. मग तिने पाठीवरच्या नंबराच्या कापडाची एक टाचणी काढली. "दुखलं तर सांगा हं," म्हणाली आणि करंगळीला हळूच टोचली. मी बघत होते. तिने जोरात टोचली. रक्ताचा थेंब आला, मोठा झाला आणि ओघळला. मी बघतच होते.

"आता तरी सांगा ना," ती म्हणाली. तिच्या हातातून टाचणी पडली. "म्हणजे तो चेंडू तुम्ही... तुम्हाला माहीतच नव्हतं कुठे जातोय?"

"नाही."

ती माझ्याशेजारी मातीत बसली आणि तिने माझा तो हात स्वतःच्या गालाला लावून धरला. तिच्या गालाची ऊब किंवा तिचे अश्रू, त्यातलं काहीच मला लागलं नाही. मी ते फक्त डोळ्यांनी बघितलं.

रात्री परतीला संघाने मला जीपमध्ये घेतलं नाही. मंदा माझ्यासोबत एस. टी.ने आली. मूर्तिजापूरला उतरायची वेळ आली तेव्हा ती माझ्या कानाशी वाकली.

"पंचे, तो जीपीजवळचा बॅगवाला. तोच ना सुई देनारा?"

"हाव."

"मी त्याले वळखतो. मंघाशी बोलाची हिंमत झाली नाई."

"कोन हाय तो?"

"आमच्या गावात येते. संघाचाच मानूस हाय." तिने माझ्याकडे न बघता पदर तोंडावर घेतला. "आमची भुरी म्हैस अडली व्हती, तवा आल्ता. ढोराचा डाक्टर हाय तो, पंचे."

एस. टी. निघाली. मी खिडकीतून मागे बघत होते. मंदा स्टँडवर तशीच उभी होती, पदर तोंडावर धरून.

साहेब, दोन दिवसांनी अंगठा आणि जवळची दोन बोटं जागी झाली. करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट आजपर्यंत झोपलेली आहेत. लग्नानंतर एकदा भाकरी उलटताना मला जळल्याचा वास आला. मला वाटलं भाकरी करपली. बघितलं तर करंगळी तव्याला चिकटली होती. सासूने किंकाळी फोडली, मी नाही. तेव्हापासून मी चुलीजवळ जाताना तो हात आधी पदरात बांधते. कोपरात जोर राहिला नाही, मनगट वळत नाही. लिहायला बसले की पेन सुटून पडायचा, म्हणून मी डाव्या हाताने शिकले. हे सगळं मी डाव्या हाताने लिहिलं आहे.

परवा तुमच्या सोहळ्याला मला सुचेताने नेलं होतं. तिला निमंत्रण होतं, जुनी खेळाडू म्हणून. तुम्ही ते वाक्य बोललात तेव्हा ती उभी राहायला निघाली. मीच तिला खाली बसवलं. म्हटलं, माझं मी बोलेन.

तर आता बोलते. भित्री म्हणा, मला चालतं. मी सुचेताच्या डोक्याला भ्याले, कडू काकांच्या गालाला भ्याले, माझ्या बोटांना भ्याले. त्या भीतीमुळेच सुचेता परवा माझ्या शेजारी बसलेली होती आणि तुमच्या गळ्यात हार होता. नाहीतर हार घालायला तुम्हाला तोंड राहिलं नसतं.

पण मी माणूस होते, साहेब. मला तोंड होतं. मी विचारलं होतं कशाची सुई आहे, आणि तुम्ही दोघांनीही उत्तर दिलं नाही. म्हशीला कोणी सांगत नाही, म्हणून मला सांगितलं नाही.

तुमच्याकडे अजून माइक आहे, लोक अजून ऐकतात. तो माणूस कोण होता हे तुम्हाला ठाऊक होतं. माझा दंड तुम्हीच धरला होता. आता पुन्हा त्याच स्टेजवर उभे राहा आणि त्याच लोकांसमोर मला सांगा, त्या सुईत काय होतं?